उजवा कौल

रत्नागिरी,
मे अखेर

प्रिय सुजय,

तुझं पाकीट पोचलं. पोचून बरेच दिवस झाले, पण मी ते लगेच फोडलं नाही. फ्रिजवर ठेवून दिलं आणि येताजाता त्याच्याकडे बघत राहिले. ईशा म्हणाली, आई, बाबांचं पाकीट आहे, बॉम्ब नाही. तिला काय सांगू? आपला घटस्फोट होऊन चार वर्षं झाली. तू हप्त्याचा तुझा अर्धा वाटा दर महिन्याला न चुकता पाठवतोस आणि त्याच्याबरोबर एक ओळसुद्धा लिहीत नाहीस. अशा माणसाकडून जाडजूड पाकीट आलं तर बाईने काय हसत हसत फोडायचं? (तू हप्ता कधीच चुकवला नाहीस, तेसुद्धा मला संशयास्पदच वाटत आलंय. आता हस.)

शेवटी फोडलं. आत हक्कसोडपत्राचा मसुदा आणि तुझ्या अक्षरातली चिठ्ठी. नाचणे रोडच्या फ्लॅटमधला तुझा अर्धा हिस्सा तू मला सोडतोयस, एक रुपयाही न घेता. मी फक्त राहिलेलं कर्ज माझ्या एकटीच्या नावावर करून घ्यायचं, म्हणजे तू दोन्हीतून मोकळा. 'घर तुझं आणि ईशाचं आहे, तुमच्याकडेच राहू दे,' असं तू लिहिलंस. वाचून बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. पण ते बरं वाटणं चहा उकळेपर्यंतसुद्धा टिकलं नाही. फुकट कोण देतं रे? आणि सही केली तर उद्यापासून अख्खा हप्ता माझ्या एकटीच्या डोक्यावर, ईशाचं कॉलेज तोंडावर आलेलं. तिला दहावीला ब्याऐंशी टक्के पडले, हे तिने तुला कळवलं असेलच. मला तिने तेही तुझ्यानंतर सांगितलं.

माझं काम तुला माहीत आहे. सध्या फॅक्टरीत हंगाम जोरात आहे, एमआयडीसीच्या रस्त्याला आंब्याच्या गाड्यांची रांग लागलेली असते, आणि प्रत्येक गाडीतले आंबे कापून बघितल्याशिवाय मी माल आत घेऊ देत नाही. हापूस वरून देखणा, वासाला झकास, दाबला तर घट्ट. कापला की आत पांढरट, भुसभुशीत साका. बागवाले शपथा घेतात, ताई, आमच्या कलमांना साका नाहीच. मी म्हणते, नसेल, पण सुरी आणा. इतकी वर्षं हेच करते आहे, त्यामुळे तुझी चिठ्ठी वाचूनही माझा हात आधी सुरीकडे गेला.

पहिला संशय इमारतीवर. म्हटलं, बिल्डिंग पाडायची नोटीस आली असेल आणि तुला कुणीतरी आधी कळवलं असेल. आपल्या सोसायटीचे सेक्रेटरी महिपत यांना गाठलं आणि सहज विचारल्यासारखं विचारलं. ते माझ्याहून बेरकी. त्यांनी उलट मलाच विचारलं की तुम्हाला कुठून कळलं. तेव्हापासून ते रोज गच्चीवर जाऊन भेगा बघतायत आणि माझ्यामुळे सगळी सोसायटी धास्तावलीय. तिथे काही निघालं नाही.

दुसरा संशय तुझ्यावर. रागावू नकोस, रागवायचं वय गेलं आपलं. मला वाटलं, याने माझ्या नकळत याच घरावर आणखी कर्ज उचललंय आणि आता ते माझ्या गळ्यात मारून हा सटकतोय. मग काय, एक दिवस रजा टाकली आणि बँकेत जाऊन बसले. कर्जविभागात विनीत नावाचा एक पोरगेला अधिकारी आहे. त्याला म्हटलं, मी सहकर्जदार आहे, मला पहिल्यापासूनचा सगळा हिशेब दाखव. त्याने दाखवला, आणि सुजय, मी त्याला आकडे पुन्हा मोठ्याने वाचायला लावले. आपण दोन हजार नऊ साली पंधरा लाख घेतले. आजवर तू आणि मी मिळून सव्वीस लाखांच्या आसपास भरले. आणि अजून नऊ लाख बाकी आहेत. आपण धरून चाललो होतो की दोन हजार एकोणतीसला सुटलो. बँकेचा कॉम्प्युटर म्हणतो, तेहतीस.

मी त्या पोरावर असा आवाज चढवला की काउंटरवरचे लोक वळून बघायला लागले. म्हटलं, माझ्या नवऱ्याने मधेच किती उचलले ते बोल. नवरा म्हणून गेले बघ तोंडातून, आधीचा वगैरे सुचलं नाही. तो म्हणाला, मॅडम, कोणीच काही उचललेलं नाही. मग त्याने मला शांतपणे समजावलं. आपला पहिला हप्ता आठव, साडेतेरा हजारांचा, ज्याच्यासाठी तू आईच्या हातावर साखर ठेवली होतीस. त्यातले सव्वाअकरा हजार नुसते व्याजाचे होते. मुद्दलातून जेमतेम सव्वादोन हजार वळते झाले. मग दोनच वर्षांत व्याजाचा दर चढला. हप्ता बँकेने तेवढाच ठेवला, म्हणून आपल्याला पत्ता लागला नाही. वाढली ती मुदत. राहिलेल्या अठरा वर्षांची एका झटक्यात सव्वीस झाली. पुढे दर थोडा उतरला, म्हणून आता तेहतीस साल तरी दिसतंय. मी विचारलं, हे आम्हाला कोणी का सांगितलं नाही? तर म्हणे पहिल्या अर्जदाराच्या मोबाइलवर मेसेज गेले. पहिला अर्जदार तू. तुझं ते इथलं सिमकार्ड तू नोकरीवर, बोटीवर गेलास की आपल्या कपाटाच्या खणात बंद पडलेलं असायचं, आणि मी ते फक्त एकाच कारणासाठी अधूनमधून चालू करून बघायची. कोणत्या ते तुला माहीत आहे. बँकेचे मेसेज मी वाचलेसुद्धा असतील, पण त्यात बाईचं नाव नसायचं, म्हणून पुढे जायची.

मी बँकेतून बाहेर आले आणि मारुती मंदिराच्या नाक्यावर नुसती उभी राहिले. तुझ्यावर रागवायची सगळी तयारी करून आले होते आणि रागवायला तू सापडलाच नाहीस, याची मला खरंच चीड आली.

मग आठवलं की आपण दोघं असे कसे फसलो. तू तरी एकवेळ भोळा, पण मी? भाजीवाली मेथीची जुडी देते तीसुद्धा मी सोडून बघते. तुला तुमच्या गावच्या देवीचा कौल आठवतो? फ्लॅट बुक करायच्या आधी आई आपल्याला घेऊन गेल्या होत्या. धोंडू गुरवाने देवीच्या दोन्ही अंगांना ओल्या पाकळ्या चिकटवल्या आणि गाऱ्हाणं घातलं, की या लेकरांचं रत्नागिरीत घर व्हावं असं तुझ्या मनात असेल तर उजवा दे. पाकळी टपकन उजवीकडून पडली. उजवीकडची त्याने जरा कमी ओली केली होती, असं मला तेव्हाही वाटलं होतं आणि आजही वाटतं. पण आईंचे डोळे भरून आले, तू खाली वाकलास, मीही वाकले. नंतर बँकेत सहीच्या वेळी मी त्या कागदांच्या गठ्ठ्याचं पहिलं पान वाचायला घेतलं, तर आई म्हणाल्या, देवीने हो म्हटल्यावर कागद काय वाचत बसतेस गो. आणि मी गठ्ठा मिटला. एवढं मोठं घर घेताना आपण देवीला विचारलं, घर होईल का. बँकेला विचारलं, हप्ता झेपेल का. दोघांनीही हो म्हटलं, आणि दोघंही खरंच बोलले. फिटेल कधी, एकंदर पडेल किती, हे आपण कोणालाच विचारलं नाही.

आणि मग आपण तो हप्ता झेपवत बसलो. तू एका बोटीवरून उतरलास की महिनाभरात दुसरी धरायचास. ईशा झाली तेव्हा तू नव्हतास, ती बसायला लागल्यावर तू तिला पहिल्यांदा उचललंस आणि ती तुला बघून घाबरून रडली. तुझा चेहरा तेव्हा कसा झाला होता, ते मी कधी तुला बोलले नाही. मी म्हणायची, या वेळी थोडा राहा, तू म्हणायचास, हप्ता आहे. फोनवर मागे कोणी बाई हसली की माझं डोकं फिरायचं. तू सांगायचास मेसमधला टीव्ही आहे, मी म्हणायची टीव्ही बरा नेमका तुझा फोन लागल्यावर हसतो. त्याबद्दल मी आज माफी मागणार नाहीये, कारण माझे सगळेच संशय काही चुकीचे नव्हते, आणि हे आपल्या दोघांनाही माहीत आहे. पण कधी कधी तो टीव्हीच असेल, एवढं मी आता मान्य करते.

दोन हजार तेराचा तुझा बोनस आठवतो? दोन लाख. तू म्हणालास कर्जात टाकू, मी म्हटलं आधी स्वयंपाकघर करू, आणि त्या आठ दिवसांत आपण जे भांडलो ते शेजाऱ्यांच्या अजून लक्षात आहे. स्वयंपाकघर झालं. स्टीलच्या ट्रॉल्या, वर काच. इथल्या खाऱ्या हवेने तीन पावसाळ्यांत त्यांचे रूळ गंजले, आता मसाल्याची ट्रॉली ओढताना लाथ मारावी लागते. विनीतला मी सहज विचारलं, की तेव्हा ते दोन लाख मुद्दलात भरले असते तर? त्याने बटणं दाबली. म्हणाला, मॅडम, आज तुमचं कर्ज संपत आलं असतं. त्या क्षणी तू समोर असतास तर मी तुला म्हटलं असतं, की बाबा, तू बरोबर होतास. समोर नाहीस म्हणून लिहून देते, जपून ठेव, परत मिळणार नाही.

एवढं सगळं झालं तरी माझा मूळ प्रश्न तसाच होता. तू आणखी कर्ज काढलं नाहीस, इमारत पडत नाही, मग तू आत्ताच का सोडतोयस? सव्वीस लाखांतला अर्धा भार उचललेला माणूस अर्धं घर असं टाकून का जाईल? तुला काही आजार तर नाही ना, हेही मनात येऊन गेलं. त्या दिवशी फॅक्टरीत मी एक चांगली गाडी विनाकारण परत पाठवली आणि बागवाल्याच्या शिव्या खाल्ल्या.

आणि मग गेल्या रविवारी दारात तुझी आई. एकट्या, एसटीने, हातात पिशवी. मी त्यांना आत घेतलं, पाणी दिलं, आणि त्यांनी पिशवीतून पुडा काढून ओट्यावर ठेवला. सोडे, सोललेली सुकी कोळंबी. चांगले मोठे, निवडलेले. नेहमीची स्वस्त सुकट आणली असती तर मी समजले असते की सहज आल्या. चार वर्षांनी सोडे घेऊन आल्या म्हणजे काम मोठं असणार, हे मी ओळखलं. बराच वेळ त्या ईशाच्या केसांबद्दल बोलल्या, माझ्या वाळण्याबद्दल बोलल्या, गंजलेल्या ट्रॉलीला हात लावून हळहळल्या. मग पदराचं टोक बोटाला गुंडाळत म्हणाल्या, की तू दुसरं लग्न करतोयस, तुझं पुन्हा घर व्हायचंय. ती राजापूरची आहे, तिचा नवरा गेला, एक मुलगी आहे. घर राजापुरातच बघितलंय, नदीच्या अंगाला, पंचवीस लाखांचं कर्ज काढायचं. पण आधीच्या कर्जावर तुझं नाव आहे तोवर बँक तुला दुसरं देत नाही.

तर हा साका होता. मी निःश्वास टाकला, खरं सांगते. आजार नाही, फसवणूक नाही, नुसतं माणसासारखं कारण. मग थोड्या वेळाने दुखलं. तू मला ते सरळ का लिहिलं नाहीस? 'तुझं आणि ईशाचं घर' असं गोड कशाला लिहिलंस? मी ओरडले असते, पण सही केली असती. आता ओरडते आहेच.

आईंचं काम मात्र वेगळंच होतं. तुझ्या नव्या घरासाठी त्यांना देवीला कौल लावायचा होता आणि त्यांना माझी सोबत हवी होती. म्हणाल्या, गेल्या वेळी मी चुकीचं इचारलं गो नम्रता, ह्या वेळी काय इचारू ते तू सांग. आता सूनही न राहिलेली मी, सवतीच्या घराचा कौल लावायला सासूबरोबर जायचं, याच्यावर ईशा इतकी हसली की तिला ठसका लागला. तरी मी गेले. आईंच्या गुडघ्यांना देवळाच्या पायऱ्या आता झेपत नाहीत आणि तू नेहमीप्रमाणे बोटीवर होतास.

धोंडू गुरव थकलाय, हात कापतात, पण पाकळ्या अजून तोच लावतो. या वेळी मी जवळ उभी राहून दोन्ही पाकळ्या सारख्या ओल्या होतात की नाही ते बघितलं. त्याला ते आवडलं नाही. गाऱ्हाणं काय घालू, त्याने विचारलं. आईंनी माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, "कर्ज फिटेल कधी, ते विचारा." धोंडूने मान वर केली आणि म्हणाला, "देवी हो नाय तर नाय सांगते, बाय. तारीख नाय सांगत. तारीख लिहून घ्यायची ती बँकेकडनं." सोळा वर्षांनी मला कोणीतरी हे सांगितलं, आणि ते गुरवाने. मला हसू फुटलं, पण आई हसल्या नाहीत. त्या पुढे झाल्या, हात जोडले आणि त्यांनी स्वतःच्या मनाने वेगळंच गाऱ्हाणं घातलं. ते ऐकून माझं हसू थांबलं. ते काय होतं ते लिहिते, पण आधी कामाचं लिहून घेते, नाहीतर हातून राहील.

हक्कसोडपत्रावर मी सही केली आहे, कागद सोबत आहेत. विनीतकडे अर्ज दिलाय. आपलं कर्ज जुन्या दराच्या योजनेत पडून होतं, थोडी फी भरली की कमी दराला बदलून मिळतं, ते कित्येक वर्षं कोणी सांगितलं नाही आणि आपण विचारलं नाही. आता दर उतरवून घेते आणि हप्ता उलट अठरा हजार करते, म्हणजे पाच-सव्वापाच वर्षांत सुटेन. माझ्या पगारात ते बसतं, बँकेने बघितलं, मीही दोनदा बघितलं. माझी काळजी करू नकोस. तुझी मला आहे. तू अठ्ठेचाळीसचा, कर्ज पंधरा वर्षांचं, आणि आई सांगत होत्या, 'हप्ता झेपेल म्हणतो.' सुजय, हाच शब्द आपण दोन हजार नऊ साली म्हटला होता. राजापूरच्या बँकेत हप्ता विचारू नकोस. एकंदर किती भरावे लागतील ते विचार. दर चढला तर हप्ता वाढवणार की वर्षं, ते विचार, आणि वर्षं वाढवू नका असं लिहून दे. बोनस आला की मुद्दलात टाक, ती स्वयंपाकघर म्हणाली तरी. मोबाइल नंबर तिचा दे, तुझा नको. आणि तिला माझा निरोप सांग. तिचं नाव आईंनी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. तिला म्हणावं, संशय पोटभर घ्या, पण सगळा त्या कागदांवर घ्या. मी माझा सगळा माणसावर खर्च केला आणि कागदाला एक पैसाही उरला नाही.

आणि हे पत्र मी या सगळ्यासाठी लिहिलेलं नाही. एवढं तर फोनवर सांगता आलं असतं. पत्र लिहिलं ते तुझी आई तुला हे कधी सांगणार नाही म्हणून. त्या दिवशी देवीसमोर हात जोडून त्या म्हणाल्या, "ह्या घरात तरी माझा पोरगा राहील काय?" एवढंच. घर होईल का, हे नाही; कर्ज फिटेल का, हेही नाही. तू राहशील का. मी तिथे उभी होते आणि मला आपला फ्लॅट दिसला, तुझी कपाटातली इस्त्रीची घडी न मोडलेली शर्टं दिसली, आणि सोळा वर्षांचे हप्ते भरलेल्या त्या घरात तू सगळा मिळून राहिलास किती, हे मनात मोजायला गेले ते मोजवलं नाही. पाकळ्या दोन्हीकडे तशाच चिकटून राहिल्या. धोंडूने तीनदा गाऱ्हाणं घातलं, पाणी शिंपडलं, आम्ही ताटकळत उभ्या. शेवटी तो म्हणाला, देवी बोलत नाय. एसटीची वेळ झाली म्हणून आम्ही उतरलो. स्टँडवर मी त्यांना म्हटलं, आई, ती बोलली नाही कारण हे तिच्या हातात नाही, मी त्याला लिहिते. म्हणून लिहिलं. त्या घरात राहा, सुजय.

तुझीच,
बँकेचा शिक्का पडेपर्यंत तरी सहकर्जदार,
नम्रता